पासष्टीची अट आणि एका चरित्र अभिनेत्याचे वर्ष

करोनाच्या टाळेबंदीनंतर २०२० मध्ये राज्य सरकारने ६५ वर्षांवरील कलाकारांना चित्रीकरणस्थळी येण्यास मनाई केली. हे प्रकरण त्या अटीत सापडलेल्या, ठाण्यात नौपाड्यात राहणाऱ्या एका चरित्र अभिनेत्याचे आहे. २०२० साली त्यांचे वय ६८ होते आणि घोडबंदर रस्त्यावर चित्रित होणाऱ्या एका दैनंदिन मालिकेत ते घरातल्या आजोबांची भूमिका करत होते. कलाकारांचे हिशेब आणि प्राप्तिकराची विवरणपत्रे पाहणे हा माझा व्यवसाय असल्यामुळे त्यांच्या करारांच्या प्रती, मानधनाच्या नोंदी आणि तारखांची वही माझ्यासमोर आहे, आणि हे सारे मी त्यांच्या संमतीने लिहितो आहे. त्यांचे, मालिकेचे, वाहिनीचे आणि निर्मिती संस्थेचे नाव त्यांच्या इच्छेनुसार गाळले आहे. सेटवर सगळे त्यांना काका म्हणत, म्हणून इथेही तेच संबोधन ठेवतो.

काकांची कारकीर्द त्यांच्या पिढीच्या कितीतरी नटांसारखीच घडली. १९७३ साली ते एका सरकारी बँकेत कारकून म्हणून लागले आणि नाटक करत राहिले ते कचेरी सुटल्यानंतर: बँकेच्या नाट्यसंघातून, आंतरबँक स्पर्धांतून आणि १९५४ पासून चालत आलेल्या राज्य नाट्य स्पर्धेतून. मासुंदा तलावाकाठी गडकरी रंगायतन १९७८ मध्ये उभे राहिले. तोवर मोठा प्रयोग पाहायचा किंवा करायचा तर दादर किंवा गिरगाव गाठावे लागे. रंगायतनामुळे ठाण्याच्या हौशी नटाला व्यावसायिक रंगभूमी पायी जाण्याच्या अंतरावर आली, आणि काकांना पहिली ‘नाइट’, म्हणजे प्रयोगामागे मिळणारे मानधन, तिथेच मिळाली. अशोक सराफ यांनीही कारकिर्दीच्या सुरुवातीला स्टेट बँकेत नोकरी केली होती. मराठी अभिनयाचा केवढा मोठा भाग बँकांच्या मस्टरवर उभा राहिला, याचा स्वतंत्र अभ्यास व्हायला हवा असे मला मनापासून वाटते.

नोकरी सोडण्याचा त्यांचा निर्णय नीट पाहिला पाहिजे, कारण वीस वर्षांनंतरच्या प्रसंगात ते जसे वागू शकले त्याचे मूळ तिथे आहे. १९९९ मध्ये अल्फा मराठी वाहिनी सुरू झाली आणि पुढच्याच वर्षी ई टीव्ही मराठी आली. १९७२ पासून मुंबई दूरदर्शन हे एकच केंद्र ज्या नटांना अधूनमधून बोलावत असे, त्यांना अचानक रोजचे काम दिसू लागले. नेमक्या त्याच सुमारास, २०००-०१ मध्ये, सरकारी बँकांनी स्वेच्छानिवृत्तीची योजना आणली. काकांचे वय तेव्हा ४८ होते आणि सेवा सत्तावीस वर्षांची झाली होती. एकरकमी मिळालेल्या पैशांपेक्षा निवृत्तिवेतन चालू राहणार, ही गोष्ट काकूंनी अधिक महत्त्वाची मानली आणि तिच्या भरवशावरच त्यांनी होकार दिला. बँकांच्या निवृत्तिवेतनाची मूळ रक्कम पुढच्या वेतनकरारांबरोबर वाढत नाही, केवळ महागाई भत्ता वाढतो. त्यामुळे ती रक्कम आज तुटपुंजी वाटते. तरीही दर महिन्याला ती खात्यात जमा होते, आणि नटाच्या घरात असा पैसा क्वचितच असतो.

पुढच्या दोन दशकांत त्यांनी बारा-तेरा मालिका, काही मराठी चित्रपट आणि हिंदी चित्रपटांतल्या बऱ्याच छोट्या भूमिका केल्या. हिंदीत मराठी नटाच्या वाट्याला हवालदार, कारकून, सरकारी डॉक्टर किंवा न्यायाधीश येतो, तसे सगळे त्यांच्याही वाट्याला आले. मराठी मालिकांत ते आधी मुख्याध्यापक झाले, मग नायिकेचे वडील, मग सासरे आणि शेवटी आजोबा. चरित्र अभिनेत्याचे वय हे त्याचे भांडवल असते. अवतार किशन हनगल यांनी हिंदी चित्रपटांत पाऊल ठेवले तेव्हा ते पन्नाशी ओलांडलेले होते आणि त्यानंतर त्यांनी चार दशके काम केले. ठाण्यातलेच उदाहरण द्यायचे तर रवी पटवर्धन यांचे देता येईल. रिझर्व्ह बँकेतली नोकरी सांभाळून त्यांनी रंगभूमी आणि चित्रपट गाजवले, ऐंशी ओलांडल्यावर रत्नाकर मतकरी यांच्या ‘आरण्यक’मध्ये धृतराष्ट्र पुन्हा उभा केला आणि ‘अग्गंबाई सासूबाई’ या मालिकेतले आजोबा घराघरांत पोहोचवले. या धंद्यात पांढरे केस काम मिळवून देतात, हा काकांचा विश्वास अशा अनुभवांवर उभा होता. २०२० साली एका शासकीय आदेशाने तेच वय त्यांच्या आड आले.

त्याआधी त्यांचा करार कसा होता ते सांगतो. दैनंदिन मालिकेत एका दिवसात साधारण एका भागाइतके चित्रीकरण होते आणि काही भागांची शिल्लक, ज्याला सेटवर ‘बँक’ म्हणतात, हाताशी ठेवावी लागते. नायक-नायिकेचे महिन्यातले बहुतेक दिवस बांधलेले असतात. चरित्र अभिनेत्याला मात्र कथेची जशी गरज असेल तसे बोलावले जाते. काकांचे मानधन दिवसावर ठरलेले होते, पाळी बारा तासांची होती आणि पैसे काम झाल्यापासून ९० दिवसांनी मिळत. महिन्याला चौदा-पंधरा दिवस काम मिळे, पण तेवढे मिळेलच अशी हमी करारात कुठेही नव्हती. उलट दुसऱ्या वाहिनीवरील मालिका स्वीकारायची नाही, हे कलम स्पष्ट होते. म्हणजे नटाने आपले सगळे दिवस राखून ठेवायचे आणि निर्मात्याने त्यांतले हवे तेवढे घ्यायचे. हे कलम मला आजही अन्यायाचे वाटते. ते या एकाच करारात होते असेही नाही. माझ्याकडे येणाऱ्या बहुतेक चरित्र कलाकारांच्या करारांत ते थोड्याफार फरकाने असते.

१९ मार्च २०२० पासून चित्रपट आणि मालिकांची चित्रीकरणे थांबली. काकांच्या वहीप्रमाणे तेव्हा जवळजवळ तीन महिन्यांच्या कामाचे पैसे यायचे होते, कारण ९० दिवसांच्या रिवाजामुळे थकबाकी नेहमीच तेवढी असते. निर्मिती संस्थेची कचेरी बंद, धनादेशावर सही करणारे घरी. ते पैसे मे आणि जूनमध्ये तुकड्यातुकड्यांनी आले. कलाकारांच्या शुल्कावर तेव्हाच्या प्राप्तिकर कायद्याच्या कलम १९४ जे खाली एरवी दहा टक्के करकपात होत असे. १४ मे २०२० पासून त्या आर्थिक वर्षापुरती ती साडेसात टक्के झाली होती. फरक लहान होता, पण त्या काळात काकांनी तोही मला दोनदा विचारून वहीत नोंदवला.

मे महिन्याच्या अखेरीस राज्य सरकारने चित्रीकरणाला सशर्त परवानगी दिली. शरीराचे तापमान तपासणे, मर्यादित माणसे, निर्जंतुकीकरण अशा अटींबरोबरच ६५ वर्षांवरील कोणत्याही कलाकाराला किंवा तंत्रज्ञाला चित्रीकरणस्थळी येता येणार नाही, अशीही अट त्यात होती. निर्मिती संस्थेच्या कार्यकारी निर्मात्याचा फोन आला तो असा: “काका, आपण सुरू करतोय, पण तुम्ही सध्या घरीच थांबा. तुमच्या ट्रॅकचं काय करायचं ते क्रिएटिव्ह टीम बघते आहे.”

अशा वेळी लेखकांसमोर चार वाटा असतात आणि चारही या मालिकेच्या बैठकीत चर्चेला आल्या. आजोबांना गावी पाठवायचे, दुसरा नट आणायचा, पात्राचा मृत्यू दाखवायचा किंवा पात्र फोनवरून जिवंत ठेवायचे. तूर्त चौथी वाट निवडली गेली. आजोबा टाळेबंदीमुळे कोकणातल्या घरी अडकले आहेत आणि तिथून नातवंडांशी बोलतात, अशी कथा रचली गेली. जुलैच्या मध्यापासून नवे भाग दिसू लागले. ठाणे शहरात २ जुलैपासून कडक टाळेबंदी पुन्हा लागली आणि ती १९ जुलैपर्यंत लांबली. नौपाड्यात दूध आणि औषधांपलीकडे काही सुरू नव्हते. त्या दिवसांत काकांनी स्वतःच्या बैठकीच्या खोलीत ही दृश्ये चित्रित केली. कपड्यांची पिशवी सेटवरच्या गाडीने इमारतीखाली येई आणि एक रात्र जिन्यात ठेवूनच वर आणली जाई. काकूंनी खिडकीसमोर स्टूलवर पुस्तकांची चळत रचून फोन उभा केला. दिग्दर्शक दुसऱ्या फोनवरून ऐकत असे आणि समोरच्या पात्रांची वाक्ये काकू वाचत. एकदा त्यांनी नायिकेचे वाक्य इतके मनापासून वाचले की काकांचे डोळे भरून आले, आणि तोच टेक प्रसारित झाला.

अभिनय म्हणून ही दृश्ये उत्तम होती, असे मी निःसंकोच म्हणेन. सेटवर मास्टर शॉट (सगळी पात्रे एकत्र), मग सजेशन (समोरच्याच्या खांद्यावरून), मग क्लोज (चेहरा जवळून) अशा क्रमात एकच वाक्य पाच-सहा वेळा म्हणावे लागते आणि भावनेची धार बोथट होत जाते. इथे एक चौकट, एक नजर आणि एकच श्वास होता. व्यवहारात मात्र याचा फटका बसला. घरून केलेल्या कामाला ‘दिवस’ म्हणायचे की नाही, हेच करारात नव्हते. निर्मिती संस्थेने दृश्यामागे दिवसाच्या मानधनाचा काही हिस्सा देऊ केला आणि तीन-चार दृश्ये मिळून एक दिवस धरला. काकांनी ते मान्य केले, पण लेखी मागितले, आणि ते पत्र मिळाल्याशिवाय दुसरी फेरी केली नाही. पुढे पैसे मिळताना हे एकच पत्र उपयोगी पडले. तोंडी ठरलेल्या इतर दोन गोष्टी, घरच्या इंटरनेटचा खर्च आणि स्वतःचेच कपडे वापरल्याचा मोबदला, कधीच मिळाल्या नाहीत.

या अटीविरुद्ध एक ७० वर्षांचे कलाकार मुंबई उच्च न्यायालयात गेले होते. न्या. शाहरुख काथावाला आणि न्या. रियाझ छागला यांच्या खंडपीठाने ७ ऑगस्ट २०२० रोजी ती अट रद्द केली. त्याच वयाच्या दुकानदाराला दुकान उघडता येते, इतर धंद्यांतल्या ज्येष्ठांवर अशी सरसकट बंदी नाही, मग चित्रीकरणाच्या क्षेत्रालाच ती का, हा न्यायालयाच्या विचाराचा गाभा होता; ज्येष्ठ माणसाला कमावण्यासाठी बाहेरच पडू दिले नाही तर त्याने सन्मानाने जगायचे कसे, हा प्रश्न सुनावणीतही आला होता. इतर सर्व खबरदारी पूर्वीप्रमाणे बंधनकारक राहिली. काकांनी बातमी वाचली आणि त्याच सकाळी दाढी करून, तयार होऊन बसले, असे काकूंनी मला सांगितले. फोन आला नाही. तो आला तेरा दिवसांनी, तोही कामाच्या तारखांसाठी नव्हे, तर एका हमीपत्रावर सही करण्यासाठी.

हे हमीपत्र या प्रकरणाचा कळीचा कागद आहे. त्यात म्हटले होते की कलाकार स्वतःच्या जबाबदारीवर सेटवर येत आहे आणि संसर्ग झाल्यास तो किंवा त्याचे कुटुंब निर्मिती संस्थेकडे कोणतीही मागणी करणार नाही. सरकारची बंदी उठली, पण तिच्यामागचा सगळा धोका आता एका सहीने नटाच्या डोक्यावर येणार होता. घरात यावर मोठी चर्चा झाली. काकूंना मधुमेह आहे. मुलगी ऐरोलीला राहते; लोकल सामान्य प्रवाशांसाठी बंद होत्या, म्हणून ती विटावा आणि कळव्यावरून गाडीने आली आणि दारातच उभी राहून म्हणाली, “बाबा, पेन्शन चालू आहे. एक वर्ष नाही गेलात तर काय बिघडणार आहे?” काकांचे उत्तर मी त्यांच्याच शब्दांत देतो: “पैशांचं निभेल गं. पण एक वर्ष दिसलो नाही, तर या धंद्यात माणूस गेला असं समजतात.” दोघांचेही म्हणणे खरे होते, आणि निर्णय या दोन खऱ्या गोष्टींच्या मधून काढायचा होता.

त्यांनी सही करण्याआधी पत्रात चार गोष्टी घालायला लावल्या: महिन्याची सगळी दृश्ये सलग चार दिवसांत एकत्र घ्यायची, सण-समारंभाच्या गर्दीच्या दृश्यांत त्यांना ठेवायचे नाही, मेकअपसाठी वेगळी खोली द्यायची, आणि ने-आण करणाऱ्या गाडीत चालकाशिवाय कोणी असणार नाही. तक्रारीचा सूर न लावता त्यांनी हे वेळापत्रक म्हणून मांडले, त्यामुळे तारखा लावणाऱ्या मुलालाही ते सोयीचे वाटले आणि तीन गोष्टी लगेच मान्य झाल्या. विम्याची मागणी आम्ही दोघांनी मिळून लिहिली होती. तिला शेवटपर्यंत उत्तर आले नाही.

त्याच मालिकेत आत्याची भूमिका करणाऱ्या बाई तेव्हा ६६ वर्षांच्या होत्या. पती हयात नाहीत, नोकरी कधी केलेली नाही, कळव्यात भाड्याची खोली. त्यांच्या पात्राला फोनवरची दृश्येही मिळाली नव्हती. जूनपासून त्यांचे उत्पन्न शून्य होते. हमीपत्र आले त्याच दिवशी त्यांनी न वाचता सही केली आणि दुसऱ्या दिवसापासून गर्दीच्या दृश्यांसह सगळे केले. दोन कलाकार, जवळपास सारखे वय, एकच कागद. काकांना जी चार वाक्ये घालता आली त्यांच्यामागे त्यांचा स्वभाव होता, अनुभव होता, पण सर्वांत आधी १९७३ सालची नोकरी होती. त्यांचा धीटपणा मी कमी लेखत नाही. त्या धीटपणाची किंमत कोणी भरली होती तेवढे नोंदवतो.

सप्टेंबरमध्ये काकांनी चार दिवस काम केले. २२ सप्टेंबरला ज्येष्ठ अभिनेत्री आशालता वाबगावकर यांचे साताऱ्यात निधन झाले; एका मालिकेच्या चित्रीकरणासाठी त्या तिथे गेल्या असताना त्यांना करोनाचा संसर्ग झाला होता. या बातमीने सेटवरची हवा बदलली. सरकारची अट भेदभावाची होती हे मान्य, पण तिच्यामागची भीती खोटी नव्हती, आणि या प्रकरणाचा विचार करताना दोन्ही गोष्टी एकत्र धराव्या लागतात. काकांनी ऑक्टोबरच्या तारखा कमी करून दोनच घेतल्या. डिसेंबरच्या सुरुवातीला ठाण्यातच रवी पटवर्धन यांचे निधन झाले. ते हृदयविकाराने गेले, त्याचा चित्रीकरणाशी संबंध नव्हता, तरी काकांसाठी तो घरचाच धक्का होता. तरुणपणी रंगायतनात विंगेत उभे राहून त्यांनी पटवर्धनांचा आवाज ऐकला होता.

जानेवारी २०२१ मध्ये मालिकेत आजोबांची भूमिका दुसऱ्या नटाकडे गेली. कारण सांगितले गेले ते साधे होते: आजोबा लग्नाच्या ट्रॅकच्या केंद्रस्थानी हवेत, आणि महिन्याला दोन-चार दिवस देणाऱ्या नटावर तो ट्रॅक उभा राहत नाही. नवे आजोबा साठीच्या आतले होते, केस पांढरे केलेले. काकांच्या करारात पूर्वसूचनेचे कलम १५ दिवसांचे होते आणि ते पाळले गेले, हे निर्मिती संस्थेच्या बाजूने लिहिले पाहिजे. न्यायालयाने त्यांना सेटवर जाण्याचा हक्क परत दिला होता. पात्र टिकते ते दिवसांवर, आणि किती दिवस द्यायचे हे कोणताही निकाल ठरवू शकत नव्हता. ते करारात असायला हवे होते आणि तिथे जागा कोरी होती.

एप्रिल २०२१ मध्ये राज्यात चित्रीकरण पुन्हा बंद झाले आणि अनेक मराठी मालिकांची पथके गोव्याला गेली. मे महिन्यात गोव्यानेही परवानगी काढून घेतल्यावर ती आणखी पुढे सरकली. आत्याबाई पथकाबरोबर गेल्या. सहा आठवडे हॉटेलात राहिल्या, घराचे थकलेले भाडे फेडले आणि सुखरूप परत आल्या. काका तेव्हा घरी बसून एका जुन्या नाटकाची संहिता पाठ करत होते. नाट्यगृहे २२ ऑक्टोबर २०२१ रोजी निम्म्या आसनक्षमतेने उघडली आणि त्यांनी त्या नाटकाचे प्रयोग सुरू केले, गडकरीत आणि घोडबंदर रस्त्यावरच्या डॉ. काशिनाथ घाणेकर नाट्यगृहातही. नाइट मालिकेच्या दिवसापेक्षा कमी होती. पण प्रयोग संपला की त्याच रात्री पाकीट हातात पडे.

त्यानंतरच्या त्यांच्या प्रत्येक करारात मी तीन कलमे पाहतो: महिन्याला किमान किती दिवस, घरून किंवा दूरस्थ केलेल्या कामाची मोजणी कशी, आणि दुसऱ्या वाहिनीवर बंदी घालायची असेल तर त्या बदल्यात काय. दोन निर्मात्यांनी पहिले कलम नाकारले आणि ती कामे त्यांनी सोडली. तिसऱ्याने आठ दिवसांची हमी दिली आणि तिथे ते आता न्यायाधीशाची भूमिका करत आहेत. मोठ्या नटांनी अशी कलमे केव्हाच मिळवली आहेत. चरित्र कलाकारांनी ती एकेकट्याने मागत राहणे पुरेसे नाही, त्यांच्या संघटनांनी नमुना कराराचा आग्रह धरायला हवा, असे माझे ठाम मत आहे.

आत्याबाईंचे काम २०२३ नंतर गुडघ्यांमुळे जवळजवळ थांबले. राज्य सरकारने २०२४ मध्ये ज्येष्ठ साहित्यिक आणि कलाकारांच्या मानधन योजनेला राजर्षी शाहू महाराजांचे नाव दिले आणि रक्कम महिना ५,००० रुपये केली, तेव्हा काकांनी त्यांचा अर्ज करायला घेतला. अर्जासाठी कलाक्षेत्रातल्या कामाचे पुरावे लागतात, आणि अडचण तिथे आली. नाटकांची हँडबिले, स्पर्धेची प्रमाणपत्रे आणि वर्तमानपत्रांतल्या जाहिराती त्यांच्या ट्रंकेत व्यवस्थित होत्या. ज्या मालिकांत त्यांनी शेकडो भाग केले त्यांचा मात्र कागद नव्हता, कारण रोजच्या भागाच्या शेवटी श्रेयनामावली एक तर दाखवत नाहीत किंवा वाचता येणार नाही इतक्या वेगाने सरकवतात. हा प्रश्न निव्वळ मानाचा नाही. प्रताधिकार कायद्यातील व्याख्येनुसार ज्या कलाकाराचे काम प्रासंगिक स्वरूपाचे आहे आणि ज्याचे नाव रिवाजाने श्रेयनामावलीत येत नाही, त्याला चित्रपटाच्या बाबतीत ‘सादरकर्ता’ म्हणून मिळणारे बहुतेक हक्क मिळत नाहीत. अखेर मी त्यांच्या करकपातीची जुनी विवरणे काढली. कोणत्या वर्षी कोणत्या संस्थेने त्यांच्या नावावर किती कर भरला हे त्यांत ओळीने नोंदलेले होते, आणि मालिकांमधल्या त्यांच्या कामाचा पुरावा म्हणून आम्ही तीच पाने अर्जाला जोडली.